‘भरा, चालेल’ सांगणारा भरती कक्ष

एका महापालिकेच्या रुग्णालयाला जोडलेल्या वैद्यकीय महाविद्यालयात सहायक प्राध्यापकांची पदे सरळसेवेने भरायची होती आणि त्यासाठी रुग्णालयाने स्वतंत्र भरती कक्ष उघडला होता. अर्जदार म्हणून मी त्या कक्षाची सेवा पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत घेतली, म्हणून हे परीक्षण. रुग्णालयाचे नाव मुद्दाम देत नाही. कक्षाला मी पाचपैकी दोन तारे देते आणि त्यांतला एक तारा निव्वळ अर्जाच्या संकेतस्थळाचा आहे.

संकेतस्थळाबद्दल तक्रार करण्यासारखे फारसे नाही. अर्ज मध्येच सोडून दुसऱ्या दिवशी परत आले तरी भरलेली माहिती जागेवर होती, शुल्क भरताच पावती आली, आणि अंतिम दिनांकापर्यंत दुरुस्तीची सोय होती. सरकारी भरतीचे अर्ज भरताना रात्री बारा वाजता सर्व्हर बंद पडण्याची सवय झालेल्या माणसाला एवढेही पुष्कळ वाटते. अडचण पहिल्यांदा आली ती पदव्युत्तर अर्हतेच्या रकान्यात. तिथे निवडीसाठी ‘एमडी’, ‘एमएस’ आणि ‘इतर’ एवढेच पर्याय होते. माझी अर्हता डीएनबी आहे, म्हणजे एमडी-एमएससारखीच पण विद्यापीठाऐवजी राष्ट्रीय परीक्षा मंडळाकडून मिळणारी पदव्युत्तर वैद्यकीय पदवी.

डीएनबी देणारे राष्ट्रीय परीक्षा मंडळ 1975 पासून आहे आणि 1982 पासून ते स्वायत्त संस्था म्हणून काम करते, तेव्हा या पदवीचे नाव एखाद्या भरती कक्षाच्या कानावर गेलेच नसेल हे संभवत नाही. खरा घोळ समकक्षतेचा आहे. 2012 च्या अधिसूचनेने किमान 500 खाटांच्या बहुविशेष अध्यापन रुग्णालयात घेतलेल्या डीएनबीला एमडी-एमएसची पूर्ण समकक्षता दिली, तर त्याहून लहान ठिकाणी शिकलेल्यांना अध्यापनाच्या पदासाठी वरिष्ठ निवासी म्हणून जादा अनुभवाची अट घातली, आणि तेव्हापासून ‘तुमच्या रुग्णालयात खाटा किती होत्या’ हा प्रश्न डीएनबीधारकांच्या मागे लागलेला आहे. पुढे देशभरातील वैद्यकीय शिक्षणाचे नियम करणारी भारतीय वैद्यक परिषद जाऊन 25 सप्टेंबर 2020 पासून राष्ट्रीय वैद्यक आयोग आला, अध्यापकांच्या अर्हतेचे नियम 2022 मध्ये आणि पुन्हा 2025 मध्ये नव्याने निघाले, पण जाहिराती लिहिणारे बरेचदा जुन्या जाहिरातीतलाच परिच्छेद उचलून नव्या जाहिरातीत चिकटवतात. आमच्या जाहिरातीत ‘एमडी, एमएस किंवा समकक्ष’ असे शब्द होते. समकक्ष म्हणजे कोणाच्या मते, कोणत्या नियमाने आणि कोणत्या कागदाच्या आधारे, याबद्दल अक्षर नव्हते. मी ‘इतर’ निवडले आणि खालच्या चौकटीत डीएनबी लिहिले.

दुसरी अडचण अधिक नाजूक होती, आणि पुढचे सगळे रामायण तिच्यातूनच घडले. जाहिरातीत ‘वैद्यकीय परिषदेकडील वैध नोंदणी आवश्यक’ असे एक वाक्य होते. माझी एमबीबीएसची नोंदणी वैध होती. डीएनबीचा निकाल अंतिम दिनांकाच्या बरेच आधी लागलेला होता, आणि त्या अर्हतेची अतिरिक्त नोंदणी करून घेण्यासाठी राज्याच्या वैद्यकीय परिषदेकडे अर्ज केल्याची पावतीही हातात होती, फक्त प्रमाणपत्र यायचे होते. जाहिरातीतली ‘वैध नोंदणी’ म्हणजे डॉक्टर म्हणून असलेली मूळ नोंदणी, की पदव्युत्तर अर्हतेचीसुद्धा? मी मदत कक्षाला दूरध्वनी केला. पलीकडच्या गृहस्थांनी प्रश्न शांतपणे ऐकून घेतला, कोणाला तरी विचारले आणि म्हणाले, “भरा मॅडम, पावती जोडा, चालेल.”

त्या ‘चालेल’वर माझा राग नाही, कारण बोलणारा माणूस भला होता आणि त्याला मदतच करायची होती. पण भरतीच्या कायद्यात तोंडी ‘चालेल’ला किंमत शून्य आहे, आणि ज्या कक्षाचे काम उमेदवारांच्या शंका दूर करणे हे आहे त्याला एवढे ठाऊक असायला हवे. नियमांच्या विरुद्ध दिलेले आश्वासन प्रशासनावर बंधनकारक ठरत नाही. शंकांची उत्तरे लेखी, संकेतस्थळावर, सर्वांना दिसतील अशी टाकली असती तर पुढचे निम्मे वाद उद्भवलेच नसते.

कागदपत्र पडताळणीच्या दिवशी आम्ही सुमारे तीस डॉक्टर एका व्याख्यानगृहात बाकांवर बसलो होतो. टेबलापाशी बसलेल्या लिपिक बाई कमालीच्या नीटनेटक्या होत्या. प्रत्येक छायाप्रत मूळ कागदाशी ताडून कोपऱ्यात पेन्सिलीने बारीक बरोबरची खूण करायची आणि मगच पान उलटायचे, अशी त्यांची पद्धत होती. माझ्या पदवीवर खूण झाली, एमबीबीएसच्या नोंदणीवर झाली, जन्मदाखल्यावर झाली. अतिरिक्त नोंदणीचे प्रमाणपत्र तोवर मला मिळाले होते, तेही मी पुढे केले. त्यांनी पेन्सिल उचलली, प्रमाणपत्राच्या तळाशी छापलेल्या तारखेवर टोक टेकवले, समोरच्या जाहिरातीतला अंतिम दिनांक पाहिला आणि खूण न करता तारखेभोवती एक लहानसे वर्तुळ काढले. “हे वरती विचारावे लागेल,” एवढेच त्या म्हणाल्या. ते वर्तुळ पाहूनच मला कल्पना आली.

आठवड्याने लागलेल्या अपात्र यादीत माझ्या नावापुढे ‘अ-4’ होते. संकेतांचा तक्ता यादीच्या शेवटच्या पानावर होता आणि अ-4 म्हणजे ‘विहित अर्हता अंतिम दिनांकास धारण केलेली नाही’. हे वाक्य माझ्या बाबतीत धडधडीत चुकीचे होते, कारण विहित अर्हता मी धारण करत होते, तिची नोंदणी मागाहून झाली होती, आणि या दोन गोष्टी एकच आहेत की वेगळ्या हाच तर मुद्दा होता. हरकतीसाठी तीन दिवस दिले होते, त्यांतला एक शनिवार आणि एक रविवार. हरकत ई-मेलने पाठवायची, जोडपत्रे मिळून दोन एमबीच्या आत. मी रविवारी रात्री साडेतीन पानांची हरकत पाठवली आणि दहा दिवसांनी दोन शब्दांचे उत्तर आले : ‘हरकत अमान्य.’

या दोन शब्दांसाठी मी कक्षाचा एक पूर्ण तारा कापला आहे. सर्वोच्च न्यायालयाने 1977 सालीच, निवडणूक आयोगाच्या एका प्रकरणात, न्या. कृष्ण अय्यर यांच्या लेखणीतून सांगून ठेवले आहे की सार्वजनिक अधिकाऱ्याचा आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच तपासला जाईल, आणि तेव्हा न लिहिलेली कारणे नंतर प्रतिज्ञापत्र करून त्यात भरता येणार नाहीत. म्हणजे कारण न देणे हे उमेदवारावर तर अन्यायाचे आहेच, पण खुद्द प्रशासनालाही ते महागात पडते, कारण उद्या न्यायालयात उभे राहिल्यावर बचावासाठी हाताशी काहीच उरत नाही. चार ओळींचे कारण लिहायला जो वेळ लागला असता त्याच्या शेकडो पट वेळ पुढे वकिलाकडच्या बैठकांत गेला.

मी स्वतः वकिलांकडे गेले ती भांडायच्या तयारीनेच, पण परत आले ती बरीचशी थंड होऊन. कायद्याची मांडणी अशी आहे. पात्रता कोणत्या तारखेला मोजायची, याचा क्रम सर्वोच्च न्यायालयाने 2000 च्या पंजाबच्या प्रकरणात घालून दिला आहे : सेवाप्रवेश नियमांत तारीख असेल तर ती, नसेल तर जाहिरातीतली, आणि तीही नसेल तर अर्ज स्वीकारण्याचा अंतिम दिनांक. त्याआधी 1997 मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने, जम्मू-काश्मीरच्या अभियंत्यांच्या भरतीत, अंतिम दिनांकानंतर पण मुलाखतीपूर्वी निकाल लागलेल्यांना पात्र धरणारा स्वतःच्याच न्यायालयाचा आधीचा निर्णय चुकीचा ठरवला होता. 2013 मध्ये दिल्लीतल्या एका शिक्षकाची नेमणूक होऊन गेल्यावरही ती टिकली नाही, कारण त्याचा बी.एड.चा निकाल अंतिम दिनांकानंतर जाहीर झाला होता. सहानुभूती हा पात्रतेचा पर्याय होऊ शकत नाही, हाच या सर्व निकालांचा सूर आहे.

माझ्या बाजूने होता तो 1980 चा केरळचा निकाल, आणि तोही डॉक्टरांच्याच प्रकरणातला. वैद्यकीय पदव्युत्तर प्रवेशात पदविकेसाठी जादा गुण मिळणार होते, पण काही डॉक्टरांनी पदविका मिळवल्याचा पुरावा अर्जासोबत जोडलेला नव्हता. त्या निकालातही पुन्हा न्या. कृष्ण अय्यरच होते. अर्हता ठरलेल्या तारखेपूर्वी मिळवलेली असणे हे आवश्यक आणि तिचा पुरावा कोणत्या रीतीने द्यायचा हे दुय्यम, असा भेद त्यांनी केला. हा भेद पुढच्या अनेक प्रकरणांत उमेदवारांच्या कामी आला आहे. अर्थात तो सगळीकडे चालतोच असे नाही. 2023 मध्ये नागरी सेवा परीक्षेच्या उमेदवारांनी आर्थिक दुर्बल घटकाचे प्रमाणपत्र मुदतीत आणि विहित नमुन्यात दिले नव्हते, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने नियमाच्या शब्दावर बोट ठेवून त्यांचे म्हणणे फेटाळले.

वकीलसाहेबांनी मला विचारलेला प्रश्न तेव्हा बोचला, पण बरोबर होता. “डॉक्टर, नोंदणी हा पदवीचा पुरावा आहे की ती स्वतःच एक अट आहे?” पदवीचा पुरावा म्हणून नोंदणीकडे पाहिले तर मी 1980 च्या निकालाच्या आश्रयाला जाऊ शकत होते. पण नोंदणी देण्याचा अधिकार कायद्याने परिषदेला आहे, ती परिषदेने स्वतंत्रपणे तपासून करायची कृती आहे, आणि जाहिरातीत तिची अट स्वतंत्र वाक्यात घातली होती. या दुसऱ्या बाजूने पाहिले तर लिपिक बाईंच्या पेन्सिलीचे वर्तुळ बरोबर होते. माझे प्रामाणिक मत विचाराल तर, डीएनबी नाकारली असती तर मी नक्की लढले असते, पण नोंदणीच्या तारखेवर माझी बाजू निम्मीच भक्कम होती.

गंमत अशी की डीएनबीच्या समकक्षतेवर कक्षाने पुढे एक शब्दही काढला नाही, आणि काढला असता तर न्यायालयाने मला फार मदत केली असती असेही नाही. 2018 मध्ये जम्मू-काश्मीरच्या आणि 2019 मध्ये आपल्या महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे की पदासाठी कोणती अर्हता हवी आणि कोणती समकक्ष मानायची हे नेमणूक करणाऱ्याने ठरवायचे. न्यायालय स्वतः जाहिरात नव्याने लिहीत बसणार नाही. आयोगाचे ते प्रकरण औषध निरीक्षकांच्या भरतीचे होते, आणि संशोधन-विकास प्रयोगशाळेतला औषध-चाचणीचा अनुभव जाहिरातीतल्या अनुभवात बसतो का, असा वाद होता. वैद्यकीय पदांच्या भरतीत अनुभवाचे असे वाद पदवीच्या वादांहून जास्त असतात. निवासी डॉक्टर म्हणून केलेले काम धरायचे का, कंत्राटी नेमणुकांमधला एक-दोन दिवसांचा तांत्रिक खंड मोजायचा का, खाजगी रुग्णालयातला अनुभव कोण साक्षांकित करणार, या प्रश्नांवर दर भरतीत कोणी ना कोणी अडकतोच.

पण जाहिरातीतल्या किंवा नियमातल्या शब्दाचा अर्थ लावण्याची वेळ आली की न्यायालय मागे हटत नाही, आणि इथे डॉक्टर उमेदवारांनी बिहारचा डिसेंबर 2019 चा निकाल अवश्य लक्षात ठेवावा. सामान्य वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या त्या भरतीत शासकीय रुग्णालयातील अनुभवाला गुण होते. लष्कराच्या रुग्णालयात काम केलेल्या एका महिला डॉक्टरांचा अनुभव ते बिहार सरकारचे रुग्णालय नाही म्हणून धरला गेला नाही. सर्वोच्च न्यायालयाने नियमातल्या ‘शासकीय रुग्णालय’ या शब्दांचा अर्थ बिहारच्या हद्दीतील खाजगी नसलेली इतर रुग्णालयेही सामावतील इतका व्यापक लावला. त्याच निकालातला दुसरा भाग मला अधिक मोलाचा वाटतो. निवड प्रक्रियेत निमूट भाग घेऊन अपयश आल्यावर तिच्यावर आक्षेप घेता येत नाही, हे 1995 पासून वारंवार सांगितले गेले आहे; पण प्रशासनाने नियमाचा अर्थच चुकीचा लावला असेल तर केवळ भाग घेतला म्हणून उमेदवाराचे तोंड बंद होत नाही, असे तिथे मान्य झाले. 2025 च्या नव्या नियमांनी किमान 220 खाटांच्या शासकीय रुग्णालयात 2 वर्षे काम केलेल्या पदव्युत्तर तज्ज्ञांना सहायक प्राध्यापकपदाचा मार्ग मोकळा केला आहे. ज्या जाहिरातीत ‘शासकीय’ म्हणजे काय हे लिहिलेले नसेल, तिथे हा बिहारचा निकाल पुन्हा पुन्हा वाचला जाणार असे मला दिसते.

दाद कुठे मागायची याची माहितीसुद्धा कक्षाच्या कुठल्याच पत्रात नव्हती, आणि अनेक डॉक्टर इथेच पहिली चूक करतात. राज्य शासनाच्या आरोग्य सेवेतील पदाबाबत वाद असेल तर 1985 च्या कायद्याखाली 1991 मध्ये स्थापन झालेल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मुंबई, नागपूर किंवा औरंगाबादच्या पीठाकडे जावे लागते. साधारण एक वर्षाची मुदत असते, आणि 1997 च्या घटनापीठाच्या निर्णयामुळे न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येते. महापालिकेच्या रुग्णालयाचे तसे नाही. तिथे राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. माझ्याच यादीतला एक अ-4 उमेदवार आधी न्यायाधिकरणात जायला निघाला होता. वकिलांनी वेळीच अडवले म्हणून त्याचे दोन आठवडे वाचले. त्याने उच्च न्यायालयात याचिका केली आणि त्याला तात्पुरते मुलाखतीस बसू द्यावे, निकाल मात्र सीलबंद पाकिटात ठेवावा, असा अंतरिम आदेश मिळाला.

यानंतर कक्षाने जे केले ते मला आजही पटलेले नाही, जरी त्याचा फायदा मलाच झाला. याचिकेची नोटीस हाती पडताच कक्षाने एक शुद्धिपत्रक काढले : मुलाखतीच्या दिनांकापर्यंत मिळालेली अतिरिक्त नोंदणी ग्राह्य धरली जाईल. अ-4 मधले आम्ही सगळे एका रात्रीत पात्र झालो. घरी पेढे वाटायचे तेवढे बाकी राहिले होते. त्याच संध्याकाळी माझ्या जुन्या सहकारी डॉक्टरचा फोन आला. तिचीही स्थिती अगदी माझ्यासारखी होती : निकाल लागलेला, नोंदणी प्रलंबित. तिने मदत कक्षाला फोन न करता जाहिरात शब्दशः वाचली, स्वतःला अपात्र मानले आणि अर्जच केला नाही. “म्हणजे मी नियम पाळला म्हणून बाहेर, आणि तू विचारून भरलास म्हणून आत,” ती म्हणाली. मला उत्तर सुचले नाही.

तिचा मुद्दा जम्मू-काश्मीरच्या अभियंत्यांच्या 1997 च्या निकालातच आहे. जाहिरात ही फक्त अर्ज केलेल्यांशी बोलत नाही, ती साऱ्या जनतेला दिलेले कथन असते. अंतिम दिनांक मागाहून सैल केला तर ती सूट आधीच ठाऊक असती तर ज्यांनी अर्ज केला असता त्या सर्वांवर अन्याय होतो. नोव्हेंबर 2024 मध्ये राजस्थानच्या प्रकरणात घटनापीठाने हेच तत्त्व आणखी पक्के केले : निवडीस पात्र ठरण्याचे निकष प्रक्रिया सुरू झाल्यावर मध्येच बदलता येत नाहीत, अपवाद एवढाच की मूळ नियमांत किंवा नियमांशी सुसंगत जाहिरातीत तशी मुभा असली पाहिजे, आणि असली तरी तो बदल समानतेच्या कसोटीला उतरला पाहिजे. आमच्या जाहिरातीत तशी मुभा देणारे वाक्य मी शोधले, सापडले नाही. कक्षाला खरोखर सूट द्यायची होती तर मुदतवाढ देऊन नव्याने अर्ज मागवणे हाच सरळ रस्ता होता. त्याला तीन आठवडे जादा लागले असते.

मुलाखत चांगली झाली. मंडळावरच्या तिन्ही प्राध्यापकांनी विषयातलेच प्रश्न विचारले, उगाच इकडचे-तिकडचे विचारले नाही, आणि दुसरा तारा मी त्यांच्यामुळे ठेवला आहे. कक्षातल्या लिपिक बाईंनी बाहेर पडताना मला ओळखले आणि माझ्या धारिकेतले ते पान उघडून दाखवले. पेन्सिलीचे वर्तुळ खोडरबराने पुसून तिथे आता बरोबरची खूण केली होती. कागदावर वर्तुळाची पुसट खाच मात्र दिसत होती.

माझ्या सहकारी डॉक्टरने शुद्धिपत्रकाविरुद्ध याचिका केली आहे. तिचे आणि माझे बोलणे पूर्वीसारखेच चालू आहे, फक्त हा विषय आम्ही काढत नाही. अंतिम निवड यादी लागली, तीत माझे नाव तिसरे आले आणि गेल्या महिन्यात नेमणुकीचा आदेश हातात पडला. त्यात वेतनश्रेणी, रुजू होण्याची मुदत आणि परिवीक्षा कालावधी व्यवस्थित लिहिला आहे, आणि सहाव्या अटीत म्हटले आहे की ही नेमणूक उच्च न्यायालयात प्रलंबित असलेल्या याचिकेच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहील. याचिकेचा क्रमांक लिहिण्यासाठी जागा सोडली आहे, ती अजून कोरी आहे.